सत्तर टक्क्यांचा आकडा: अमेरिकेतला समलिंगी विवाह, चर्च आणि कृष्णवर्णीय मतदार

प्रश्न थोडक्यात असा आहे: नोव्हेंबर २००८ मध्ये कॅलिफोर्नियातल्या कृष्णवर्णीय मतदारांनी ओबामांना भरभरून मतं दिली आणि त्याच मतपत्रिकेवर समलिंगी विवाह बंद करणाऱ्या ‘प्रॉपोझिशन ८’लाही पाठिंबा दिला, त्यांच्यामुळेच तो मंजूर झाला, असं सर्रास वाचायला मिळतं. हे खरं का? आणि ज्या समाजाने स्वतः इतका भेदभाव सोसला तो दुसऱ्याच्या हक्काच्या आड का येतो, याचं उत्तर धर्मात आहे का?

माझं काम मतदार सर्वेक्षणांच्या आकडेवारीचं. त्यामुळे आधी हिशेब करू आणि मग धर्माकडे वळू. पहिल्या प्रश्नाचं उत्तर ‘नाही’ असं आहे, आणि त्यासाठी फार मोठ्या अभ्यासाची गरज नाही, गुणाकार-वजाबाकी पुरते.

प्रॉप ८ मंजूर झाला तो ५२.२४ विरुद्ध ४७.७६ टक्क्यांनी. बाजूने सत्तर लाखांच्या किंचित वर मतं, विरोधात चौसष्ट लाख. फरक जवळजवळ सहा लाखांचा. त्या रात्रीच्या एक्झिट पोलने सांगितलं की मतदारांमध्ये कृष्णवर्णीय १० टक्के होते आणि त्यांच्यापैकी ७० टक्क्यांनी ‘हो’ म्हटलं. गोऱ्या मतदारांचा आकडा ४९ आणि लॅटिनोंचा ५३ होता. दुसऱ्या दिवसापासून सगळीकडे तो ७० चाच आकडा फिरू लागला.

आता हा एक्झिट पोल शब्दशः खरा धरून चालू. एकूण मतं १ कोटी ३४ लाख. त्यांचे १० टक्के म्हणजे १३ लाख ४० हजार. त्यांतले ७० टक्के बाजूने आणि ३० टक्के विरोधात, म्हणजे निव्वळ आघाडी ४० टक्क्यांची: ५ लाख ३६ हजार मतं. सहा लाखांतून ती वजा करा. उरतात साठ हजारांहून जास्त. म्हणजे त्या दिवशी राज्यातला एकही कृष्णवर्णीय मतदार घराबाहेर पडला नसता, तरी प्रॉप ८ मंजूर झालाच असता. ज्यांनी ‘त्यांच्यामुळे हरलो’ असं लिहिलं, त्यांच्यापैकी कितीजणांनी ही वजाबाकी केली होती कोण जाणे.

शिवाय तो ७० चा आकडाही तितकासा पक्का नव्हता. राज्यातल्या त्या एक्झिट पोलमध्ये एकूण २,२४० जणांची उत्तरं होती. त्यांचे १० टक्के म्हणजे सव्वादोनशेच्या आसपास माणसं. एवढ्या लहान गटात सहा-सात टक्के इकडे-तिकडे होणं हे तर पुस्तकी गणितातलंच. त्यात एक्झिट पोल निवडक मतदान केंद्रांवर घेतला जातो. कृष्णवर्णीय मतदार वस्त्यांनुसार एकवटलेले असतात, त्यामुळे त्या सव्वादोनशेपैकी बरेचजण मोजक्याच केंद्रांवरून आलेले असण्याची शक्यता मोठी. एखादं केंद्र जरा वेगळं निघालं की सगळा आकडा हलतो. आमच्या धंद्यात अशा उपगटाच्या आकड्याला कुणी एकट्याने पुढे करत नाही. बातमीत मात्र तो एकटाच पुढे आला.

काही आठवड्यांनी, जानेवारी २००९ मध्ये, पॅट्रिक ईगन आणि केनेथ शेरिल या दोन राज्यशास्त्रज्ञांनी निरनिराळी सर्वेक्षणं आणि मतदान केंद्रनिहाय निकाल एकत्र तपासले. त्यांच्या हिशेबाने कृष्णवर्णीयांमधला पाठिंबा ५८ टक्क्यांच्या आसपास होता आणि मतदारांमधला त्यांचा वाटा सातेक टक्के. हे आकडे घेतले तर निव्वळ आघाडी दीड लाखावर येते. ५८ म्हणजेही बहुमतच, ते नाकारायचं कारण नाही. पण त्या अभ्यासातली खरी महत्त्वाची गोष्ट पुढे आहे. मतदार कोणत्या बाजूने जाईल हे सर्वांत जास्त चार गोष्टींवरून ठरत होतं: पक्ष, वैचारिक कल, वय आणि चर्चला किती वेळा जाता. दर आठवड्याला चर्चला जाणाऱ्या कृष्णवर्णीयांची तुलना दर आठवड्याला चर्चला जाणाऱ्या इतरांशी केली, तर वंशाचा फरक जवळजवळ विरून जातो. एक्झिट पोलमध्येही हेच होतं, फक्त त्या ओळीकडे कुणी पाहिलं नाही: दर आठवड्याला चर्चला जाणाऱ्या सर्व वंशांच्या मतदारांपैकी ८४ टक्के बाजूने.

मग ‘चर्चमुळे झालं’ असं म्हणून मोकळं व्हावं का? इथे थोडं थांबायला हवं, कारण कुठलं चर्च, हा प्रश्न उरतोच.

प्रॉप ८ च्या बाजूने चार कोटी डॉलरच्या घरात पैसा उभा राहिला. त्याचा निम्म्याच्या आसपास भाग मॉर्मन चर्चच्या अनुयायांकडून आल्याचा अंदाज त्या वेळी मांडला गेला. चर्चच्या नेतृत्वाने जून २००८ मध्ये पत्र काढून कॅलिफोर्नियातल्या सर्व सभांमध्ये वाचायला लावलं होतं. ‘नाइट्स ऑफ कोलंबस’ या कॅथलिक संघटनेने दहा लाख डॉलरहून जास्त दिले. हे दोन्ही प्रवाह प्रामुख्याने गोऱ्यांचे. मॉर्मन चर्चने तर १९७८ पर्यंत कृष्णवर्णीय पुरुषांना पौरोहित्यही दिलं नव्हतं. राष्ट्रीय पातळीवर पाहिलं तर प्यू रिसर्च या सर्वेक्षण संस्थेच्या २००१ च्या आकड्यांत समलिंगी विवाहाला पाठिंबा देणारे गोरे इव्हँजेलिकल (बायबलवर काटेकोर भर देणारे प्रोटेस्टंट) १३ टक्के होते आणि कृष्णवर्णीय प्रोटेस्टंट ३० टक्के. २०१९ मध्ये अनुक्रमे २९ आणि ४४. म्हणजे जवळजवळ वीस वर्षं सतत कृष्णवर्णीय चर्चमधला माणूस गोऱ्या इव्हँजेलिकलपेक्षा या प्रश्नावर मवाळच होता. तरी ‘ब्लॅक चर्च’ हा शब्दप्रयोग या वादाला चिकटला आणि ‘व्हाइट चर्च’ असं कुणी म्हटल्याचं आठवतंय का?

कृष्णवर्णीय समाजात चर्चला जाणाऱ्यांचं प्रमाण जास्त असण्यामागे इतिहास आहे. गुलामगिरीत आणि तिच्यानंतरच्या शंभर वर्षांत त्या समाजाच्या स्वतःच्या मालकीची जवळपास एकमेव संस्था म्हणजे चर्च. शाळा तिथे, वर्गणी तिथे, मतदार नोंदणी तिथे, मोर्चाही तिथूनच निघायचा. त्यामुळे पास्टर म्हणजे फक्त धर्मोपदेशक नव्हे. तो वस्तीचा पुढारीही असतो. अशा माणसाने व्यासपीठावरून विवाहाबद्दल काही म्हटलं की त्याला धर्माइतकंच सामाजिक वजनही असतं.

आणि विवाह ही त्या समाजासाठी साधी बाब नव्हती. गुलामांच्या लग्नाला कायद्याची मान्यता नव्हती. मालक नवऱ्याला एका राज्यात आणि बायकोला दुसऱ्या राज्यात विकू शकत असे, म्हणून काही लग्नांत ‘मृत्यूने किंवा अंतराने ताटातूट होईपर्यंत’ अशी शपथ घेतली जायची. यादवी युद्ध संपल्यावर फ्रीडमेन्स ब्युरो या मुक्त झालेल्या गुलामांसाठीच्या सरकारी खात्याच्या कचेऱ्यांमध्ये कित्येक वर्षं एकत्र राहिलेली जोडपी आपलं लग्न नोंदवायला आली. विवाहाची नोंद हा त्यांना माणूस म्हणून, नागरिक म्हणून मिळालेला पहिला सरकारी कागद होता, असं म्हटलं तरी फारशी अतिशयोक्ती होणार नाही. नंतर १९६५ मध्ये मॉयनिहन अहवाल हा सरकारी अहवाल आला. कृष्णवर्णीय कुटुंबाची घडी विस्कटली आहे आणि तेच त्यांच्या दारिद्र्याच्या मुळाशी आहे, असा त्याचा सूर. तेव्हापासून ‘आमचं कुटुंब नीट आहे’ हे सिद्ध करण्याचं ओझं या समाजावर आहे. चर्चमधल्या ज्येष्ठ बाईने ‘विवाह म्हणजे पुरुष आणि स्त्री’ असं म्हटलं, तर त्यामागे बायबलमधल्या लेवीय ग्रंथातलं वचन असेलच, पण हे ओझंही असतं. सर्वेक्षणाच्या ‘हो/नाही’च्या चौकटीत ते दिसत नाही.

बायबलचंही तसंच. ‘दासांनो, धन्याच्या आज्ञेत राहा’ हे पौलाचं वचन गोऱ्या मालकांनी पिढ्यान्‌पिढ्या गुलामांना ऐकवलं. हॉवर्ड थर्मन हे विसाव्या शतकातले मोठे कृष्णवर्णीय धर्मचिंतक. त्यांची आजी गुलामगिरीत जन्मलेली आणि निरक्षर. लहानपणी ते तिला बायबल वाचून दाखवत. पौलाची पत्रं मात्र ती वाचू देत नसे, अपवाद फक्त करिंथकरांस पहिल्या पत्रातल्या प्रेमावरच्या अध्यायाचा. कारण विचारल्यावर तिने सांगितलं की मालकाचा पाद्री दासांनी आज्ञेत राहण्याचंच वचन पुन्हा पुन्हा ऐकवायचा. तेव्हाच तिने ठरवलं होतं, कधी स्वातंत्र्य मिळालं आणि वाचायला आलं तर हा भाग वाचायचा नाही. कृष्णवर्णीय चर्चमध्ये या दोन्ही सवयी शेजारी शेजारी नांदतात: ग्रंथ अक्षरशः मानणं, आणि ग्रंथातलं कुठलं वचन आपल्या गळ्याला दोर म्हणून वापरलं गेलं हे न विसरणं. समलिंगी विवाहाच्या वादात दोन्ही बाजूंचे पास्टर याच शिदोरीवर बोलत होते.

त्यामुळे ‘कृष्णवर्णीय चर्चची भूमिका’ असा एकवचनी शब्द मला खटकतो. आफ्रिकन मेथडिस्ट एपिस्कोपल चर्चने २००४ मध्ये आपल्या धर्मगुरूंना समलिंगी विवाह लावण्यास एकमताने मनाई केली. बाप्टिस्टांमध्ये प्रत्येक मंडळी स्वतंत्र, त्यामुळे एकाच रस्त्यावरच्या दोन चर्चमध्ये दोन सूर. आणि फूट कुठपर्यंत गेली होती ते पाहायचं तर एकच घर पुरेसं आहे. मार्च २००४ मध्ये डॉ. मार्टिन ल्यूथर किंग यांच्या पत्नी कोरेटा स्कॉट किंग यांनी जाहीर भाषणात समलिंगी विवाहावर बंदी घालणाऱ्या घटनादुरुस्तीला विरोध केला. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये अटलांटात बिशप एडी लाँग यांच्या नेतृत्वाखाली मोर्चा निघाला. त्याच्या मागण्यांमध्ये समलिंगी विवाहबंदीही होती. त्याची मशाल डॉ. मार्टिन ल्यूथर किंग यांच्या समाधीपाशी पेटवली गेली आणि त्यात पुढे होत्या बर्निस किंग, म्हणजे कोरेटा यांची धाकटी मुलगी. आई एकीकडे, लेक दुसरीकडे, आणि दोघींच्या मागे उभे तेच डॉ. किंग.

आता तुमच्या प्रश्नातला दुसरा भाग: स्वतः सोसलेला समाज आड का येतो. या प्रश्नात ‘समलिंगी’ आणि ‘कृष्णवर्णीय’ ही दोन वेगळी माणसं आहेत, असं गृहीत धरलेलं आहे. १९६३ च्या वॉशिंग्टन मोर्चाचे मुख्य संघटक बेयर्ड रस्टिन कृष्णवर्णीय होते, क्वेकर या शांततावादी ख्रिस्ती पंथाचे होते आणि समलिंगी होते. मोर्चाच्या दोनेक आठवडे आधी वंशभेदाचे समर्थक सिनेटर स्ट्रॉम थर्मंड यांनी सिनेटमध्ये उभं राहून, समलिंगी संबंधांवरून रस्टिन यांना १९५३ मध्ये कॅलिफोर्नियातल्या पॅसाडिनात झालेल्या अटकेचा पाढा वाचला. त्याआधी १९६० मध्ये कृष्णवर्णीय खासदार अ‍ॅडम क्लेटन पॉवेल यांनी रस्टिन आणि किंग यांच्याबद्दल समलिंगी संबंधांची खोटी कंडी पिकवण्याची धमकी दिली होती, आणि रस्टिन यांना किंग यांच्यापासून दूर व्हावं लागलं. म्हणजे शत्रूनेही तेच हत्यार वापरलं आणि घरच्यांनीही. पॅसाडिनाच्या त्या शिक्षेबद्दल कॅलिफोर्नियाच्या गव्हर्नरांनी मरणोत्तर माफी दिली ती २०२० मध्ये.

न्यायालयांत मात्र वंशाचा मुद्दा अगदी वेगळ्या वाटेने आला. मिल्ड्रेड आणि रिचर्ड लव्हिंग या जोडप्याला व्हर्जिनियात १९५९ मध्ये आंतरवंशीय लग्नाबद्दल एक वर्षाची शिक्षा झाली. पंचवीस वर्षं राज्याबाहेर राहाल तर शिक्षा स्थगित, अशी अट. पुढे १९६५ मध्ये न्यायाधीश लिऑन बझील यांनी निकालात लिहिलं की सर्वशक्तिमान देवाने गोरे, काळे, पिवळे, मलय आणि तांबडे असे वंश निर्माण करून वेगवेगळ्या खंडांवर ठेवले. त्याअर्थी त्यांची सरमिसळ व्हावी असा त्याचा हेतू नव्हता. १९६७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे सगळं मोडीत काढलं. त्या वेळी सोळा राज्यांत असे कायदे होते. अलाबामाने आपल्या राज्यघटनेतलं ते कलम सार्वमताने काढलं २००० साली, आणि तेव्हाही चाळीस टक्क्यांच्या आसपास मतं ते ठेवण्याच्या बाजूने पडली.

कॅलिफोर्निया त्याआधीच, १९४८ मध्ये, पेरेझ खटल्यात ४ विरुद्ध ३ अशा बहुमताने आंतरवंशीय विवाहबंदी रद्द करून बसला होता. मे २००८ मध्ये त्याच राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने समलिंगी विवाहाला मान्यता दिली तेव्हा पेरेझचाच आधार घेतला, आणि मतविभागणीही पुन्हा ४ विरुद्ध ३. मॅसॅच्युसेट्समध्ये पहिले समलिंगी विवाह लागले तो दिवस १७ मे २००४. शाळांतला वंशभेद बेकायदा ठरवणाऱ्या ब्राउन निकालाला त्या दिवशी पन्नास वर्षं पूर्ण होत होती. मिल्ड्रेड लव्हिंग यांनीही २००७ मध्ये, निकालाच्या चाळिसाव्या वर्षी, समलिंगी जोडप्यांच्या विवाहाच्या हक्काला पाठिंबा देणारं निवेदन काढलं.

अनेक कृष्णवर्णीय पास्टरांना ही तुलना झोंबली. आम्हाला जहाजात कोंबून आणलं, विकलं, झाडाला टांगलं. रंग लपवता येत नाही. तुमच्या दुःखाला आमच्या दुःखाचं नाव का देता, असा त्यांचा आक्षेप. इतिहास म्हणून तो मला वजनदार वाटतो आणि ‘आता पुढची नागरी हक्कांची लढाई आमची’ म्हणणाऱ्या बऱ्याच गोऱ्या कार्यकर्त्यांनी तो ऐकूनच घेतला नाही. पण कायद्यात तो टिकत नाही. न्यायालयासमोर प्रश्न कुणाचं दुःख मोठं, हा नव्हता. सरकारने कुणाशी लग्न करायचं हे ठरवावं का, एवढाच होता. त्यावर ‘देवाने असं ठरवलंय’ हे उत्तर एकदा बझील यांनी देऊन झालं होतं.

आता राजकारण. समलिंगी आणि कृष्णवर्णीय यांच्यातली ही फट आपोआप पडली नव्हती. २००४ च्या नोव्हेंबरमध्ये एका दिवशी अकरा राज्यांत समलिंगी विवाहबंदीची सार्वमतं होती आणि अकराही मंजूर झाली. २००८ मध्ये प्रॉप ८ च्या बाजूने कृष्णवर्णीय घरांमध्ये पत्रकं गेली, त्यांवर ओबामांचा फोटो आणि ‘विवाह पुरुष आणि स्त्रीमधला’ हे त्यांचंच वाक्य. ते वाक्य खरं होतं. त्या वर्षी त्यांची जाहीर भूमिका तीच होती. पण त्यांनी प्रॉप ८ ला विरोध केला होता, ते पत्रकावर अर्थातच नव्हतं. उलट बाजूच्या प्रचाराने कृष्णवर्णीय वस्त्यांकडे फार उशिरा आणि फार कमी लक्ष दिलं, अशी टीका तेव्हाही झाली आणि मला ती रास्त वाटते. निकालानंतरच्या निदर्शनांत कृष्णवर्णीयांना, अगदी निदर्शनात सामील झालेल्या समलिंगी कृष्णवर्णीयांनाही, वांशिक शिव्या ऐकाव्या लागल्याच्या तक्रारी आल्या.

पण सगळ्यात स्पष्ट पुरावा मार्च २०१२ मध्ये बाहेर आला. नॅशनल ऑर्गनायझेशन फॉर मॅरेज या समलिंगी विवाहविरोधी संघटनेची अंतर्गत टिपणं मेन राज्यातल्या खटल्यामुळे खुली झाली. त्यात उद्दिष्ट सरळ लिहिलं होतं: समलिंगी आणि कृष्णवर्णीय या डेमोक्रॅटिक पक्षाच्या दोन प्रमुख मतदारगटांमध्ये पाचर मारायची. त्यासाठी कृष्णवर्णीय प्रवक्ते शोधायचे, आणि समलिंगी विवाहाच्या समर्थकांनी त्यांना ‘धर्मांध’ म्हणावं म्हणून डिवचायचं. लॅटिनोंसाठी वेगळी योजना होती, पारंपरिक विवाह हे लॅटिनो अस्मितेचं चिन्ह बनवायचं. अशी कागदपत्रं सहसा बाहेर येत नाहीत. यावरून सगळे पास्टर विकले गेले होते असा अर्थ काढू नका. बहुतेकांची श्रद्धा अस्सलच होती. कुणाची तरी अस्सल श्रद्धा तिसऱ्याच्या निवडणूक-गणितात कशी बसवतात, ते या टिपणांत दिसतं.

ती पाचर ढिली कशी झाली, हे पाहायला २०१२ चं वर्ष उत्तम आहे. ८ मे रोजी नॉर्थ कॅरोलायनाने ६१ टक्के मतांनी विवाहबंदी घटनेत घातली. एनएएसीपी या कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या जुन्या संघटनेचे तिथले तेव्हाचे अध्यक्ष, स्वतः धर्मगुरू असलेले विल्यम बार्बर, त्या प्रचारात चर्चमधून फिरत होते. समलिंगी विवाहाबद्दल तुमचं वैयक्तिक मत काय, हा प्रश्नच ते बाजूला ठेवत. बहुसंख्याकांनी मत देऊन अल्पसंख्याकांचा हक्क घटनेतून काढावा का, हे विचारत. ते हरले. दुसऱ्याच दिवशी, ९ मे रोजी, ओबामांनी दूरचित्रवाणीवर समलिंगी विवाहाला पाठिंबा जाहीर केला. १९ मे रोजी एनएएसीपीच्या राष्ट्रीय मंडळाने कायद्याच्या समान संरक्षणाची हमी देणाऱ्या चौदाव्या घटनादुरुस्तीचा आधार देऊन तोच ठराव केला. त्या महिन्यात मेरीलँडमधल्या एका सर्वेक्षणात कृष्णवर्णीय मतदारांचा कौल ५६ टक्के विरोधावरून ५५ टक्के पाठिंब्यावर गेल्याचं दिसलं. पुन्हा सांगतो, उपगटाचा आकडा, तोही एकाच सर्वेक्षणाचा, जपून घ्या. दिशा मात्र पुढे खरी ठरली.

मेरीलँडची लोकसंख्या तीस टक्के कृष्णवर्णीय. तिथे नोव्हेंबरमध्ये ‘क्वेश्चन ६’ वर, म्हणजे समलिंगी विवाहाला मान्यता देणारा कायदा ठेवावा का यावर, मतदान झालं. कायद्याचं नावच ‘नागरी विवाह संरक्षण कायदा’, आणि मतपत्रिकेवरच्या मजकुरात नागरी विवाहाचा परवाना आणि धर्मगुरूंना त्यांच्या श्रद्धेविरुद्ध लग्न लावण्याची सक्ती नाही, या दोन गोष्टी लगोलग लिहिलेल्या. प्रिन्स जॉर्जेस काउंटीतल्या माउंट एनॉन बाप्टिस्ट चर्चचे पास्टर डेलमन कोट्स याच मुद्द्यावर उघडपणे बाजूने उतरले: चर्चचं चर्चकडे, सरकारचं सरकारकडे. बिशप हॅरी जॅक्सन तितक्याच जोराने विरोधात. निकाल ५२.४ टक्के बाजूने. कृष्णवर्णीय बहुसंख्य बाल्टिमोर शहरात प्रस्ताव जिंकला, तशाच प्रिन्स जॉर्जेसमध्ये थोडक्यात हरला. माझ्या मते यातून एकच गोष्ट शिकण्यासारखी आहे. तिथे श्रद्धा बदलायला कुणी सांगितलं नाही. श्रद्धा आणि परवाना वेगळे करून दाखवले, आणि ते वस्तीतल्याच माणसाने दाखवले. ओबामांच्या पाठिंब्याचा फायदा झाला यात शंका नाही, पण त्या मजकुराकडे अभ्यासक कमी लक्ष देतात असं मला वाटतं.

धर्मस्वातंत्र्याची भीती निराधार नव्हती, हेही सांगायला हवं, आणि त्या भीतीच्या मुळाशीही वंशच आहे. बॉब जोन्स या ख्रिस्ती विद्यापीठात धर्माच्या नावाखाली आंतरवंशीय प्रेमसंबंधांना बंदी होती. त्यावरून त्याची करसवलत गेली आणि १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते योग्य ठरवलं. एप्रिल २०१५ मध्ये ओबर्गफेल खटल्याच्या, म्हणजे ज्याच्या निकालाने समलिंगी विवाह देशभर कायदेशीर झाला त्या खटल्याच्या, सुनावणीत न्यायमूर्ती अ‍ॅलिटो यांनी सरकारी वकिलांना नेमकं तेच विचारलं: समलिंगी विवाहाला विरोध करणाऱ्या महाविद्यालयाचंही असंच होणार का? हा प्रश्न उद्भवेल, अशी कबुली सरकारी वकिलांनी दिली. त्या एका उत्तराने धार्मिक संस्थांची झोप उडाली. प्रत्यक्षात नंतरच्या दहा वर्षांत न्यायालय उलट बाजूला झुकलं. समलिंगी लग्नांसाठी काम करायला श्रद्धेमुळे नकार देणारे केक बनवणारा आणि वेबसाइट बनवणारी, दोघांचेही खटले त्यांच्या बाजूने लागले.

ओबर्गफेलचा निकाल २६ जून २०१५ चा, ५ विरुद्ध ४. दुसऱ्या दिवशी एपिस्कोपल चर्चने मायकल करी यांना प्रमुख बिशप निवडलं, त्या पदावरचे पहिले कृष्णवर्णीय, आणि समलिंगी विवाहाचे समर्थक. विरोधी निकालपत्र लिहिणाऱ्यांत न्यायमूर्ती क्लॅरेन्स थॉमस होते, तेही कृष्णवर्णीय. माणसाची प्रतिष्ठा सरकार देत नाही, म्हणून ते काढूनही घेऊ शकत नाही. गुलामांनीही ती गमावली नव्हती, असा त्यांचा युक्तिवाद. २०२२ मध्ये गर्भपाताच्या डॉब्स निकालात थॉमस यांनी ओबर्गफेलचा फेरविचार व्हावा असं लिहिलं. त्यांच्या यादीत लव्हिंगचं नाव नव्हतं, आणि थॉमस यांचा स्वतःचा विवाह आंतरवंशीय असल्याने टीकाकारांनी ते लगेच बोट दाखवून सांगितलं. त्याच वर्षी १३ डिसेंबरला राष्ट्राध्यक्षांची सही झालेल्या ‘रिस्पेक्ट फॉर मॅरेज’ कायद्याने मात्र समलिंगी आणि आंतरवंशीय अशा दोन्ही विवाहांना एकाच कलमात संरक्षण दिलं. सिनेटमध्ये बारा रिपब्लिकनांनी त्याला मत दिलं आणि मॉर्मन चर्चनेही पाठिंबा दिला, धार्मिक संस्थांच्या संरक्षणाची कलमं त्यात होती म्हणून.

त्या कायद्याची मर्यादा ध्यानात ठेवा. उद्या ओबर्गफेल रद्द झाला, तर दुसऱ्या राज्यात लागलेला विवाह मानणं राज्यांना बंधनकारक राहील, पण स्वतः परवाना देणं बंधनकारक राहणार नाही. अनेक राज्यांच्या घटनांत जुनी बंदी अजून तशीच लिहिलेली आहे. आणि आता या प्रश्नावरची मोठी दरी वंशाची नाही. ती पक्षाची आहे. गॅलप या सर्वेक्षण संस्थेच्या २०२५ च्या आकड्यांत डेमोक्रॅटांपैकी ८८ टक्के बाजूने, रिपब्लिकनांपैकी ४१; तीन-चार वर्षांपूर्वी रिपब्लिकनांचा आकडा ५५ होता. हा एवढा उतार वय किंवा चर्चची हजेरी यांवरून समजावता येत नाही, इतक्या थोड्या काळात त्या गोष्टी बदलत नसतात. तेव्हा पुढचा अभ्यास करायचा तर पास्टरांच्या प्रवचनांपेक्षा पक्षनेत्यांच्या भाषणांची छाननी आधी करा, असं मी सुचवीन.

कॅलिफोर्नियाचं विचारलंत म्हणून: नोव्हेंबर २०२४ मध्ये ‘प्रॉपोझिशन ३’ने प्रॉप ८ चा मजकूर राज्यघटनेतून काढून टाकला, सुमारे ६२ टक्के मतांनी. राज्यभराचा हा आकडा मोजलेल्या मतांचा आहे, सर्वेक्षणाचा नाही, म्हणून तो बिनधास्त वापरा. वंशानुसार फोड हवी असेल तर कुठलाही एक एक्झिट पोल उचलण्याआधी त्यातल्या त्या गटाची संख्या बघा, आणि ती दोन-तीनशेच्या आत असली तर मतदान केंद्रनिहाय निकालांशी ताडून पाहिल्याशिवाय लिहू नका.